जंतूंनी चुनखडी केली म्हणता? आधी या चुका टाळा

जानेवारी उजाडला की प्रोजेक्टवाली मुलं फ्लास्क नाचवत येतात. तळाशी पांढरा साका. "सर, कॅल्साइट झालं!" म्हणजे जंतूंनी चुनखडीचे स्फटिक बनवले. मी एवढंच विचारतो, "जंतू न घातलेला फ्लास्क कुठंय?" तो बहुतेक वेळा नसतोच.

पुण्यातल्याच एका कॉलेजच्या जोडीचा किस्सा. वाळूची भेग जंतूंकडून बुजवायची होती. घाई अशी, की युरिया, कॅल्शियम क्लोराइड आणि न्यूट्रिएंट ब्रॉथ (जंतूंचं पातळ खाद्य) एकत्रच ऑटोक्लेव्हमध्ये, म्हणजे निर्जंतुक करायच्या प्रेशर कुकरमध्ये, ढकललं. 121 अंश, 15 मिनिटं. झाकण उघडताना अमोनियाचा भपकारा आला होता, हे बोलता बोलता निघालं. वहीत ओळ नाही. तिथेच सगळं होतं! स्पोरोसार्सिना पाश्चुरी हा जंतू यूरिएज या विकराने (एन्झाइमने) युरिया फोडतो, अमोनियाने पीएच 9 च्या आसपास चढतो, कार्बोनेट तयार होतं आणि कॅल्शियमला धरून खाली बसतं. पण थोडा युरिया नुसत्या उष्णतेनेही फुटतो. मी त्यांना तेच मिश्रण जंतूंशिवाय करायला लावलं. काचेवर तोच पांढरा साका. तीन महिन्यांचं काम कुकरनेच केलं होतं म्हणायचं.

मी युरिया 0.22 मायक्रॉनच्या फिल्टरमधून गाळून थंड ब्रॉथमध्ये घालतो, कॅल्शियम सर्वांत शेवटी. फ्लास्क तीन: जिवंत जंतू, उकळून मारलेले जंतू, आणि बिनजंतूंचा. "दोन चालतील का?" नाही.

दुसरं दुखणं पावसाळी. कॅल्शियम क्लोराइडची बाटली जुलैत उघडी राहिली की दोन दिवसांत आत चिखल. तोच मोजून घेतात, म्हणजे पाण्याचंही वजन! शिवाय लेबल कोण वाचतं? निर्जल असेल तर रेणुभार 111, दोन पाणी असलेलं असेल तर 147. अर्धा मोलर एक लिटरला एकाचं 55.5 ग्रॅम, दुसऱ्याचं 73.5.

फॉस्फेट बफरमध्ये (पीएच स्थिर ठेवणाऱ्या द्रावणात) कॅल्शियम ओतू नका. कॅल्शियम फॉस्फेट बसतं, तेही पांढरंच.

बोअरचं पाणी वापरू नका. त्यात कॅल्शियम आधीच असतं.

आणि साका 'नंतर बघू' म्हणून ओला ठेवू नका. व्हॅटेराइट हे कॅल्शियम कार्बोनेटचंच दुसरं रूप; त्याचे गोळे पाण्यात राहिले की कॅल्साइट होतात. मी त्याच दिवशी अल्कोहोलने धुऊन वाळवतो. नाहीतर शुक्रवारी बनलेलं एक आणि सोमवारी एक्सआरडीत (स्फटिक ओळखायच्या एक्स-रे तपासणीत) दिसलेलं दुसरंच.