घरातली परवान्याची बंदूक काही महिने घराबाहेर कशी ठेवावी

घरात कुणी खचलेलं असेल, "आता जगून काय करू" असं बोलत असेल, किंवा नवरा-बायकोची, भावाभावांची भांडणं हातघाईवर येत असतील आणि त्याच घरात बंदूक असेल, तर पहिलं काम बंदूक बाहेर काढण्याचं. डॉक्टर, समुपदेशन, नातेवाइकांची बैठक हे सगळं सोबत चालू द्या. पण "आधी डॉक्टरांना विचारू, मग बघू" म्हणून बंदूक कपाटात ठेवू नका. नागपूर शहरात आणि काटोल, उमरेड, रामटेककडच्या गावांत मी बरीच वर्षं अशा कुटुंबांसोबत काम करते आहे. माजी सैनिक, बँकेचे गार्ड, रानडुकरांपासून पीक राखायला परवाना काढलेले शेतकरी, अशा घरांत ही वेळ येते.

"ज्याला जीव द्यायचा तो देतोच" हा सल्ला देणाऱ्याचं ऐकू नका. जीव देण्याची तीव्र ऊर्मी पुष्कळदा काही मिनिटांची, काही तासांची असते. तेवढ्या वेळात जीवघेणं साधन हाताशी नसलं, तर माणूस वाचतो. आणि प्रयत्नातून वाचलेल्यांपैकी बहुतेक जण पुढे आत्महत्येनं मरत नाहीत. बंदुकीच्या बाबतीत मात्र ही दुसरी संधी क्वचितच मिळते. इस्रायलच्या लष्करानं 2006 मध्ये सैनिकांना सुट्टीवर घरी जाताना शस्त्र तळावरच ठेवायला लावलं. त्यानंतर तिथल्या सैनिकांच्या आत्महत्या सुमारे 40 टक्क्यांनी घटल्या, आणि ही घट मुख्यतः सुट्टीच्या दिवसांतली होती. श्रीलंकेनं अतिविषारी कीटकनाशकांवर बंदी घातल्यावर तिथलाही आत्महत्येचा दर निम्म्याहून खाली आला. म्हणून बंदूक हलवाल त्याच दिवशी फवारणीच्या औषधाचे डबेही घरातून हलवा. विदर्भात ही गोष्ट विसरून चालत नाही.

कायद्याचं एवढं लक्षात ठेवा

शस्त्र अधिनियम 1959 प्रमाणे परवाना माणसाच्या नावावर असतो, घराच्या नाही. त्यामुळे "मामाच्या घरी ठेवून देऊ" हा घरोघरी मिळणारा सल्ला सरळ तुरुंगाकडे नेणारा आहे. मामाकडे परवाना नसेल तर बंदूक ताब्यात ठेवणं हा त्यांचा गुन्हा, आणि ती त्यांच्याकडे देणाऱ्या परवानाधारकाचाही. विहिरीत टाकणं, शेतात पुरणं, गुपचूप विकणं हेही करू नका. सामान्य परवानाधारकाला सुरक्षित ताब्यासाठी शस्त्र जमा करण्याच्या जागा दोनच: जवळचं पोलीस ठाणं, किंवा ज्याच्या परवान्यात अशी ठेव घेण्याची मुभा आहे असा शस्त्रविक्रेता.

"गोळ्या लपवा, बंदूक राहू द्या" हा दुसरा वाईट सल्ला. ज्या घरात माणूस तीस वर्षं राहिला, त्या घरात त्याला न सापडणारी जागा नसते.

बंदूकवाल्याशी बोलणं

सगळ्यात अवघड पायरी हीच. कागदपत्रं अर्ध्या दिवसात होतात, पण हे बोलणं चुकलं की बंदूक महिनोन् महिने हलत नाही. मलाही सुरुवातीची काही वर्षं हे जमत नसे. म्हणून इथे सविस्तर लिहिते.

आधी हे ठरवा की धोका कुणाला आहे. परवानाधारक स्वतः ठणठणीत असेल आणि घरातला मुलगा परीक्षेत नापास होऊन, प्रेमभंगातून किंवा कर्जातून खचलेला असेल, तर वडिलांचं पहिलं उत्तर ठरलेलं असतं: "माझ्या कपाटाला कुलूप आहे." अशा वेळी वाद घालू नका. मुलाला बाजूला घेऊन चावी कुठे असते ते विचारा. मी विचारलं तेव्हा बहुतेक मुलांनी क्षणाचाही विचार न करता जागा सांगितली: कॅलेंडरमागचा खिळा, देवघरातला कुंकवाचा डबा, आईच्या साडीची घडी. ते उत्तर वडिलांसमोर ठेवलं की पुढचं बोलणं लांबत नाही.

परवानाधारकच खचलेला असेल तर मात्र सावकाश जावं लागतं. आधी कुणी बोलायचं ते ठरवा. ज्या मुलाशी शेताच्या वाटणीवरून तेढ आहे त्यानं बोलू नये. बायकोवर हे ओझं टाकू नये, आणि घरात मारहाण होत असेल तर मुळीच टाकू नये. माणूस ज्याचा शब्द पाळतो असा कुणी शोधा. फौजेतून आलेल्या माणसाला त्याच्या पलटणीतल्या जोडीदाराइतकं कुणी पटवू शकत नाही. नागपूरजवळच्या कामठी छावणीच्या आसपास असे जुने सोबती हाकेच्या अंतरावर मिळतात. वेळ सकाळची, चहाची. रात्री नको, दारू घेतलेली असताना तर नकोच. आणि दहा माणसांची बैठक भरवू नका. दोन जण पुरेत.

सुरुवात बंदुकीपासून करू नका, झोपेपासून करा. झोप लागते का, जेवण जातं का. मग सरळ विचारा: "काकाजी, जीव द्यावासा वाटते का?" असं विचारल्यानं डोक्यात नवा विचार घुसतो, ही भीती निराधार आहे. उलट विचारणारं कुणी भेटलं म्हणून माणूस मोकळा होतो. उत्तर "हो" आलं तर दचकू नका, देवाच्या शपथा घालू नका, "पोरांचा विचार करा" असं सुनावू नका. तो पोरांचाच विचार करत असतो, आपण त्यांच्यावर ओझं झालो असं त्याला वाटत असतं.

मग बंदुकीचा विषय. शब्द जपून वापरा. "तुमचं डोकं ठिकाणावर नाही, बंदूक देऊन टाका" असं म्हटलं की संपलं. अनेकांच्या लेखी ती बंदूक म्हणजे त्यांची सेवा, वडिलांची आठवण, गावातला मान. माझं वाक्य साधं असतं: "बंदूक तुमचीच हाय, तुमचीच राहीन. थोडे दिवस घरात नको, एवढंच म्हणून राहिली मी." मुदत सांगा, आणि ती त्याला कळेल अशी सांगा: दिवाळीपर्यंत, तुरी निघेपर्यंत. "बरं वाटेपर्यंत" ही मुदत कुणालाच पटत नाही. दुसरं, निवडणुकीची आठवण द्या. आचारसंहितेत ठाण्यात शस्त्र जमा करण्याची सवय बहुतेक परवानाधारकांना असते. "तेव्हा करता तशीच जमा करू" म्हटलं की अपमानाची भावना निघून जाते.

गार्डच्या बाबतीत पोटाचा प्रश्न असतो. बंदूक गेली की ड्यूटी गेली, हे त्याचं म्हणणं खरं आहे. त्यावर उपदेश करू नका, उपाय घेऊन जा: वैद्यकीय रजा, किंवा एजन्सीकडे काही महिन्यांसाठी बिनशस्त्र ड्यूटीची मागणी. हे बोलणं आधी करून ठेवा आणि मगच त्याच्यासमोर बसा. रिकाम्या हातानं गेलात तर तो नाही म्हणेल आणि ते बरोबरच असेल.

वयस्कर माणसाला आणखी एक वाट सांगता येते. वयाची सत्तरी गाठली असेल किंवा 25 वर्षं परवाना असेल, तर वारसाच्या नावे परवाना करून देण्याची तरतूद शस्त्र नियम 2016 मध्ये आहे. पण त्या वारसाची चौकशी होते, आणि तो स्वतः ठीक असला तरच ही वाट धरावी.

होकार आला की त्याच दिवशी ठाण्यात जा. "उद्या जाऊ" मान्य करू नका. तरीही मध्ये रात्र आलीच तर कुणीतरी सोबत झोपा आणि टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा क्रमांक हाताशी ठेवा. तिथे मराठीत बोलता येतं. जीवाला तातडीचा धोका वाटला तर 112.

नेणं आणि जमा करणं

बंदूक परवानाधारकानंच रिकामी करावी आणि सोबत न्यावी. तो त्या अवस्थेत नसेल तर तिला हात लावू नका. ठाण्यात फोन करून पोलिसांना घरी बोलवा. काडतुसं वेगळ्या पिशवीत ठेवा, आणि निघण्याआधी परवान्याच्या पुस्तिकेतल्या नोंदीशी मोजून जुळवा. एका घरी बिस्किटाच्या डब्यातली काडतुसं नोंदीपेक्षा दोन कमी भरली. शोधाशोध केल्यावर ती खुंटीवरच्या जुन्या रेनकोटच्या खिशात निघाली, पितळ काळवंडलेलं. बंदूक जमा करून घरात काडतुसं ठेवणं हे अर्धवट काम आहे, त्यामुळे खिसे, ट्रंका, शेतातली खोली, सगळं पाहा.

सोबत परवाना, त्याची झेरॉक्स, आधार कार्ड आणि साधा अर्ज. ठाणेदारांच्या नावे लिहायचं, "वैयक्तिक कारणास्तव शस्त्र सुरक्षित ताब्यासाठी जमा करीत आहे." पावतीवर बंदुकीचा क्रमांक, काडतुसांची संख्या, तारीख, सही आणि शिक्का असल्याशिवाय ठाण्यातून बाहेर पडू नका. "मोठे साहेब नाहीत, नंतर या" असं ऐकावं लागलं तर ठाणे अंमलदाराला शांतपणे सांगा की घरात जीवाला धोका आहे, आणि तिथेच बसा.

परवानाधारक ऐकतच नसेल तर

मग परवाना देणाऱ्या अधिकाऱ्याकडे जा. शहरात पोलीस आयुक्त, ग्रामीण भागात जिल्हाधिकारी. लेखी अर्ज द्या आणि घडलेल्या गोष्टी तारखेसह लिहा: कधी धमकी दिली, कुणासमोर दिली, डॉक्टरांचे कागद असतील तर तेही जोडा. "स्वभाव तापट आहे" असल्या वाक्यांनी काही होत नाही. अधिनियमाच्या कलम 17 प्रमाणे परवाना निलंबित किंवा रद्द करता येतो, आणि कलम 22 प्रमाणे शांततेला किंवा सुरक्षेला धोका असेल तर दंडाधिकारी, कारणं नोंदवून, कायदेशीर परवाना असलेल्याचंही शस्त्र झडती घेऊन ताब्यात घ्यायला सांगू शकतात. परवाना निलंबित किंवा रद्द झाला तर परवानाधारकाला कलम 18 खाली अपील करता येतं, म्हणजे त्याचा हक्क संपत नाही, हेही त्याला सांगा. बायकोला मारहाण होत असेल तर ही वाट तिनं एकटीनं चालू नये. 181 या महिला हेल्पलाइनवर फोन करावा, संरक्षण अधिकाऱ्याला भेटावं, आणि अर्ज पोचायच्या आधी तिनं आणि मुलांनी सुरक्षित जागी असावं. अर्ज कळल्यानंतरचे दिवस सगळ्यात धोक्याचे असतात.

घरात पोरानं देशी कट्टा आणून ठेवला असेल तर हा लेख त्यासाठी नाही. त्याला हात न लावता वकिलाशी बोला आणि ठाण्यात कळवा.

उपचार आणि परत आणणं

उपचारासाठी नागपुरात प्रादेशिक मनोरुग्णालय, मेडिकल आणि मेयो ही सरकारी रुग्णालयं किंवा मिहानमधलं एम्स, जे सोयीचं पडेल ते. आत्महत्येचा प्रयत्न झालेला असला तरी पोलिसी कारवाईच्या भीतीनं दवाखाना टाळू नका. मानसिक आरोग्य कायदा 2017 च्या कलम 115 प्रमाणे असा माणूस तीव्र ताणाखाली होता असंच धरलं जातं.

बंदूक जमा असली तरी परवान्याची मुदत चालूच असते. परवाना पाच वर्षांचा असतो, संपण्याआधीच नूतनीकरणाचा अर्ज करा, नाहीतर बरा झालेला माणूस नव्या कटकटीत अडकतो. परत आणायची तर उपचार करणाऱ्या डॉक्टरांशी बोलून, आणि आधीच्या जागी नाही: रिकामी बंदूक एका कुलपात, काडतुसं दुसऱ्या कुलपात, दोन्ही चाव्या परवानाधारकाच्या अंगावर. आणि परवानाधारकाचं निधन झालं असेल तर तेराव्याची वाट पाहू नका. वारसाच्या हातात ती बंदूक बेकायदेशीर ठरते. आधी ठाण्यात किंवा विक्रेत्याकडे जमा करा, मग परवाना वारसाच्या नावे करायचा की बंदूक विकायची ते घरात बसून ठरवा.