गादी मागवण्याआधी पलंग आतून मोजा

गोव्यातल्या फोंडा तालुक्यातल्या आमच्या जुन्या घरात माडीवर शिसवी लाकडाचा, चार खांबांचा एक पलंग आहे. घरात त्याला सगळे ‘सहा बाय चारचा पलंग’ म्हणत आले आहेत, आणि त्या बोलण्यावर विसंबून मी ७२ बाय ४८ इंचांची फोमची गादी मागवली. गादी आली, पण पलंगात बसेना. एक कड खाली दाबली की दुसरी वर येई आणि दोन्ही दाबल्या की मधोमध फुगवटा उठे. तेव्हा कुठे टेप लावला आणि कळले की सहा बाय चार हे बाहेरून बाहेरचे माप होते. दोन्हीकडच्या दीड-दीड इंचाच्या पट्ट्या वजा जाता आत ६९ बाय ४५ इंचच जागा उरत होती. वेष्टन फोडलेली गादी दुकानाने परत घेतली नाही, आणि त्यात दुकानाचा दोष काढण्यासारखे काही नव्हते.

म्हणून मोजायची ती आतली जागा, म्हणजे गादी प्रत्यक्ष जिथे टेकणार ती. जुनी गादी काढून ठेवावी आणि लांबी उशाच्या फळीच्या आतल्या बाजूपासून पायथ्याच्या आतल्या बाजूपर्यंत घ्यावी. रुंदी मात्र तीन ठिकाणी मोजावी: उशाशी, मध्यावर आणि पायथ्याशी. हाताने घडवलेल्या पलंगात या तीन मापांत अर्ध्या-पाऊण इंचाचा फरक सहज निघतो, आणि गादीसाठी त्यातले सर्वांत लहान माप धरायचे असते. दोन्ही कर्णही मोजून पाहावेत. ते सारखे नसतील तर चौकट तिरकी झालेली आहे, आणि गादी बदलण्याआधी मेस्ताला, म्हणजे सुताराला, बोलावून सांधे आवळून घेणे बरे. खांबांचा पलंग असेल तर कोपऱ्यांकडे विशेष लक्ष द्यावे, कारण खांब पट्टीपेक्षा जाड असतो आणि आत डोकावतो, त्यामुळे रुंदी बरोबर असूनही गादीचे कोपरे अडकतात.

या मापातून प्रत्येक बाजूला पाव ते अर्धा इंच सोडावा. गादी घट्ट बसावी असे वाटणे स्वाभाविक आहे, परंतु चादर खोचायला आणि आपल्याकडे मच्छरदाणीची किनार गादीखाली दाबायला बोटे आत जावी लागतात. उलट, एका बाजूला दीड-दोन इंच फट राहिली तर गादी रात्रभर सरकत राहते आणि तिची कड लवकर खचते.

आता बाजारातली मापे. आपल्याकडे तयार गाद्यांची लांबी बहुधा ७२, ७५ किंवा ७८ इंच असते; रुंदी सिंगलला ३० किंवा ३६, डबलला ४८, क्वीनला ६० आणि किंगला ७२ इंच. म्हणजे नुसते ‘क्वीन’ म्हटल्याने रुंदी कळते, लांबी कळत नाही, आणि खरी फसगत तिथेच होते. नवा पलंग करून घेणार असाल तर लांबी ७८ इंचांच्या गादीच्या हिशेबानेच ठेवावी, कारण पाच फूट दहा इंचांच्या माणसाला ७२ इंचांच्या गादीत डोक्याशी आणि पायाशी मिळून दोनच इंच उरतात.

बाहेरदेशी हीच नावे निराळ्या मापांना लावतात, आणि घरोघरी कोणीतरी परदेशात असलेल्या गोव्यात हे ठाऊक असलेले बरे. इंग्लंडमधला ‘किंग’ १५० बाय २०० सेंटिमीटरचा, म्हणजे ५९ इंच रुंद. आपल्या हिशेबाने तो क्वीनच झाला. माझ्या मावसबहिणीने तिकडून हौसेने आणलेली इलॅस्टिकची ‘किंग’ चादर आमच्या ७२ इंची गादीच्या तीनच कोपऱ्यांना पुरली. तीच ६० बाय ७८ च्या गादीवर मात्र व्यवस्थित बसली. अमेरिकेतला किंग ७६ बाय ८० इंचांचा असतो. सेंटिमीटरमध्ये माप दिलेला पलंग घेताना आकडा २.५४ ने भागून इंच काढावेत: १८० बाय २०० चा पलंग जवळपास ७१ बाय पावणेएकोणऐंशी इंच भरतो, आणि त्यात आपली ७२ इंच रुंदीची किंग गादी बसत नाही. १६० बाय २०० च्या पलंगात क्वीन गादी बसते खरी, पण रुंदीत तीन इंच मोकळे राहतात.

जुन्या पलंगाचे माप कोणत्याच तयार गादीशी जुळत नसेल तर पलंगाला करवत लावू नये, असे माझे आग्रही मत आहे. फोमची गादी मागणीनुसार मापाने कापून मिळते आणि कापसाची गादी तर मापानेच शिवतात. शिवणाऱ्याला पलंगाचे आतले माप सांगावे आणि तयार गादी एवढी हवी हे स्पष्ट बजावावे, कारण कापूस भरल्यावर खोळ फुगते आणि लांबी-रुंदी आखडते. ती घट भरून निघेल इतके जास्तीचे कापड तो धरतो.

पावसाळ्यात लाकूड फुगून पलंग आत लहान होतो, असा एक समज आहे. लाकूड ओल धरून फुगते ते मुख्यतः त्याच्या उभ्या तंतूंच्या रेषांना आडवे. रेषांच्या दिशेने त्याची लांबी फारशी बदलत नाही, त्यामुळे चौकटीचे आतले माप जवळजवळ तेच राहते. फुगतात त्या गादीखालच्या फळ्या, आणि त्या एकमेकींना चिकटून बसवलेल्या असतील तर उचलल्या जातात, शिवाय गादीखालची ओल कोंडून बुरशी धरते. म्हणून फळ्यांत फट हवीच, मात्र ती तीन इंचांहून अधिक नको, नाही तर फोम त्यात खचतो. प्लायवूडचा तळ असेल तर त्याला इंचभर व्यासाची भोके पाडून घ्यावीत. साठ इंच किंवा त्याहून रुंद पलंगाला मध्ये आडव्या पट्ट्यांखाली आधाराचा पाय आहे ना, हेही पाहावे.

उंची पाहायची ती शेवटी, पण विसरू नये. आमच्या पलंगाच्या फळ्याच जमिनीपासून तेवीस इंचांवर आहेत. त्यावर आठ इंची गादी घातली असती तर आईला स्टूल लागले असते आणि उशाकडचे नक्षीकामही झाकले गेले असते. बसल्यावर पावले जमिनीला टेकतील इतकी, म्हणजे एकूण अठरा ते बावीस इंच उंची सोयीची. आम्ही चार इंची गादी घेतली, तरी पलंग थोडा उंचच आहे.

गुंडाळून आलेली फोमची गादी उघडल्यावर लगेच मोजू नये. पूर्ण फुगायला तिला एक-दोन दिवस लागतात. स्प्रिंगची गादी मात्र बहुधा दुमडता येत नाही, तेव्हा ती मागवण्याआधी दाराची रुंदी आणि जिन्याचे वळण याच टेपने मोजून ठेवावे. आमच्या माडीच्या लाकडी जिन्यावरून ती वर गेलीच नसती.