माहितीपटासाठी जुने चित्रीकरण कसे शोधावे आणि कसे वापरावे

पानशेतच्या पुरावर माहितीपट करायचे ठरले, की पहिला मोह होतो तो संगणकावर ‘पानशेत’ हा शब्द टाकून पाहण्याचा. परंतु वृत्तचित्रांच्या, म्हणजे बातम्यांच्या लघुपटांच्या, नोंदी पुष्कळदा अंक क्रमांक, तारीख आणि त्रोटक इंग्रजी मथळा एवढ्यावरच भागवलेल्या असतात, म्हणून शोधाची सुरुवात कागदापासून करावी. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत आणि पाठोपाठ खडकवासला धरण फुटले. त्यानंतरच्या महिनाभराची वृत्तपत्रे चाळून पाहणी दौरे, पाण्याखाली गेलेले पूल आणि निर्वासितांच्या छावण्या यांची तारीखवार यादी करावी, आणि ‘पूना’सारखी त्या काळची नावेही शोधशब्दांत धरावीत.

ही यादी हाती आली, की संग्रहांकडे वळावे. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या, केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनची वृत्तचित्रे चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवली जात. २०२२ मध्ये ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, तेव्हा चौकशी तेथे करावी. १९६४ मध्ये सुरू झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय तर पुण्यातच आहे. घरोघरच्या माळ्यांवरील आठ मिलिमीटरची रिळेही विसरू नयेत. डबा उघडताच व्हिनेगरसारखा आंबूस वास आला, तर फिल्म कुजू लागली आहे असे समजून ती प्रोजेक्टरवर न चढवता थेट स्कॅनिंगला द्यावी.

सर्वांत अधिक वेळ ओळख पटवण्यात जातो, आणि तो जावा. पूर सगळीकडे सारखाच दिसतो. गढूळ पाण्याचे देखणे दृश्य दुसऱ्याच नदीचे असू शकते. देवळाचे शिखर, पुलाच्या कमानी, दुकानांच्या पाट्या हे सारे त्या काळच्या छायाचित्रांशी ताडून पाहावे. पाटीवरची अक्षरे उलटी दिसली, तर प्रत आरशातल्यासारखी उलटलेली आहे. दृश्यासोबत ऐकू येणारा पाण्याचा आवाज बहुधा नंतर चढवलेला असतो, म्हणून त्याला पुरावा मानू नये.

हक्कांबाबत १९५७ च्या कायद्यानुसार चित्रपटाचा कॉपीराइट, प्रकाशनानंतरच्या कॅलेंडर वर्षाच्या आरंभापासून, साठ वर्षे टिकतो. त्यामुळे १९६१ मध्ये प्रकाशित झालेल्या वृत्तचित्राची मुदत २०२१ अखेर संपली. घरगुती रीळ मात्र कधी प्रकाशितच झाले नसेल, तर हा हिशेब लागू होत नाही. तेथे कुटुंबाची लेखी परवानगी घ्यावी. पार्श्वसंगीताचे हक्क वेगळे असतात, आणि मुदत संपली तरी संग्रहाकडून प्रत घेताना त्याच्या अटी व शुल्क पाळावेच लागते.

संकलनात मूळ चौकोनी चौकट कापून रुंद पडदा भरू नये. कापलेल्या वरच्या पट्टीतच नेमकी पुराची रेषा असू शकते. घरगुती मूक रिळे बहुधा सेकंदाला सोळा चित्रांनी घेतलेली असतात, ती पंचवीसने चालवल्यास माणसे पळत सुटतात. प्रत्येक तुकड्यासोबत संग्रह, रीळ क्रमांक आणि टाइमकोड (तुकडा कितव्या मिनिट-सेकंदाला येतो तो आकडा) पहिल्याच दिवशी लिहून ठेवावा.