स्लो कुकरमधला मसूर-भाज्यांचा स्ट्यू: या चुका टाळा

"सकाळी सगळं एकत्र टाका, बटण दाबा, संध्याकाळी गरमागरम जेवा." स्लो कुकरबद्दल, म्हणजे विजेवर मंद आचेने तासन् तास शिजवणाऱ्या भांड्याबद्दल, हे वाक्य पसरवणाऱ्यांना एकदा तक्रारी ऐकायला बसवायला हवं. माझ्याकडे त्या नेमाने येतात. मसूर कडक राहिला. गाजर कच्चं. खाली मसूर आणि वर पाणी. आणि सगळ्यात जास्त वेळा, "चवीला काहीतरी कमी आहे, पण काय ते कळत नाही."

तक्रारी वेगवेगळ्या असल्या तरी गैरसमज एकच असतो. स्लो कुकर वेळ देतो, आच देत नाही. 'लो' आणि 'हाय' ही दोन निरनिराळी तापमानं आहेत असं बहुतेकांना वाटतं. प्रत्यक्षात बऱ्याच यंत्रांत दोन्हीकडे भांडं शेवटी उकळीच्या जेमतेम खाली येऊन थांबतं, 'हाय'वर ते तिथे लवकर पोचतं एवढंच. म्हणून 'लो'चे आठ तास म्हणजे 'हाय'चे साधारण चार. जे नुसत्या वेळेने होतं ते यंत्रावर सोडा. ज्याला कडक आच लागते ते तुम्हालाच करायचंय, आधी नाहीतर नंतर.

टोमॅटो आणि लिंबू सकाळीच घालणं

ही माझी सगळ्यात नावडती चूक, कारण ती करणारा माणूस दिवसभर निर्धास्त असतो आणि ऐन जेवणाच्या वेळी फसतो.

माझ्या मावसबहिणीकडे संध्याकाळी आठ-दहा माणसं जेवायला यायची होती. नवीन कुकर, नवा उत्साह. तिने सकाळी अख्खे मसूर, गाजर, बटाटे, कांदा, डबाभर चिरलेले टोमॅटो, असं सगळं एकदम घातलं आणि वर "चव आत मुरावी म्हणून" एका मोठ्या लिंबाचा रस पिळला. रात्री पाहुणे दारात आणि हिचा फोन. "ताई, नऊ तास झाले गं. मसूर अजून दाताखाली कचकचतोय."

मी विचारलं, टोमॅटो कधी घातलेस? "सकाळीच. सगळ्यांबरोबर." मग 'हाय' करू का, अजून एक तास ठेवू का, पाणी वाढवू का, असे प्रश्न सुरू झाले. दुकानदाराने जुना माल दिला असणार, असं तिच्या नवऱ्याचं मागून चाललं होतं. यंत्रच बदलून घ्यावं, असंही एक मत पुढे आलं. मी म्हटलं, आधी प्रेशर कुकर काढ. सगळं त्यात गेलं, मसूर शिजले, गाजर-बटाट्याचा मात्र लगदा झाला. पाहुण्यांनी कौतुक केलं म्हणे. करणारच, तोवर भुकेने जीव गेला होता.

यात मसुराचा दोष नव्हता आणि यंत्राचाही. डाळीच्या पेशींना एकमेकींशी चिकटवून ठेवणारं पेक्टिन गरम पाण्यात विरघळलं की डाळ मऊ होते. पाणी आंबट असेल तर ते विरघळायलाच तयार होत नाही. खळखळत्या पाण्यात थोडंफार निभावतं, पण स्लो कुकरची आच मुळातच बेताची. तिथे आंबट रस्सा म्हणजे डाळ कडक ठेवायची हमी. पाणी जड असेल, म्हणजे त्यात कॅल्शियम जास्त असेल, तरी तोच त्रास होतो, कारण कॅल्शियम पेक्टिनला आणखी घट्ट बांधून ठेवतं. उष्ण, दमट जागी वर्षभर पडून राहिलेले मसूरही असेच हट्टी होतात. तिच्या नवऱ्याचा संशय अगदीच वेडगळ नव्हता, फक्त त्या दिवशी गुन्हेगार दुसरा होता.

माझी पद्धत साधी आहे. मसुराचा दाणा दोन बोटांत दाबून बघायचा. सहज चिरडला गेला की मगच टोमॅटो, आणि तेही आधी पॅनमध्ये परतून, कडेला तेल सुटेपर्यंत आटवलेले. तसे घातले की शेवटचा अर्धा-पाऊण तास त्यांना पुरतो. लिंबू किंवा व्हिनेगर बटण बंद केल्यावर. जड पाण्यासाठी चिमूटभर खायचा सोडा चालतो, चिमूटच. जास्त झाला तर साबणासारखी चव येते आणि डाळीतलं बी-१ जीवनसत्त्वही नासतं.

जाता जाता, मिठाने डाळ कडक होते हा आळ खोटा आहे. मीठ सुरुवातीला घाला, निम्मं तरी. नंतर घातलेलं मीठ रश्शातच राहतं आणि दाणा आतून अळणी लागतो.

कांदा कच्चाच टाकणं

"काहीतरी कमी आहे" या तक्रारीचं उत्तर नव्वद टक्के वेळा इथे असतं. कांदा तपकिरी होण्यासाठी त्याचा पृष्ठभाग १४० अंश सेल्सिअसच्या आसपास जावा लागतो. रश्शात बुडालेला कांदा १०० च्या वर जाऊच शकत नाही, मग आठ तास ठेवा नाहीतर अठरा. तो मऊ होतो, गोडसर होतो आणि उकडल्याचा वास धरून बसतो. लसणाचंही तेच, उलट कच्चा लसूण झाकणाखाली तासन् तास राहिला की त्याचा उग्रपणा सगळ्या भांड्यात पसरतो.

पॅनमध्ये तेल तापवा, कांदा कडा तांबूस होईपर्यंत परता, शेवटच्या मिनिटात लसूण, जिरं आणि मिरपूड. मग त्याच पॅनमध्ये पाणी ओतून तळाला चिकटलेलं खरवडा आणि उकळी आली की सगळं कुकरमध्ये रिकामं करा. त्या खरवडीतच तर चव आहे. यावर "मग स्लो कुकरचा उपयोग काय, पॅन घासावाच लागला की" असं म्हणणारे भेटतात. त्यांच्याशी मी वाद घालत नाही, त्यांच्याकडे जेवायला जात नाही इतकंच.

उकळतं पाणी ओतण्याचा आणखी एक फायदा आहे. गार पाण्याने सुरुवात केली तर पहिले दोन तास भांडं नुसतं कोमट असतं. या यंत्राचा जन्मच कडधान्याच्या स्ट्यूमधून झालाय. अर्व्हिंग नॅक्सन या अमेरिकी संशोधकाला १९४० मध्ये त्याचं पेटंट मिळालं आणि त्याने त्या भांड्याला 'नॅक्सन बीनरी' असं नाव दिलं. पुढे रायव्हल कंपनीने तोच धंदा विकत घेऊन १९७१ मध्ये 'क्रॉक-पॉट' बाजारात आणला. नॅक्सनला कल्पना सुचली ती आईने सांगितलेल्या लिथुआनियातल्या आठवणीवरून. तिथे चोलंट नावाच्या स्ट्यूची भांडी बेकरीच्या तापलेल्या भट्टीत रात्रभर ठेवली जात. भट्टी दिवसभराच्या कामाने आधीच तापलेली असे आणि पुढे हळूहळू निवत जाई. सुरुवात गरम, मग सावकाश. आपण नेमकं उलटं करतो.

झाकण उघडून बघणं

बघू नका. एवढंच लिहून पुढे जावंसं वाटतं, पण लोक ऐकत नाहीत. झाकण उचललं की साठलेली वाफ जाते, काठावर पाण्याचं जे सील तयार झालेलं असतं ते तुटतं, आणि भांडं पुन्हा पहिल्या तापमानाला यायला वीस मिनिटं ते अर्धा तास लागतो. दुपारभर तासातासाला डोकावणाऱ्याने संध्याकाळी "रेसिपीत वेळ चुकीची दिलीय" म्हणू नये. ढवळायचीही गरज नसते, तळाला लागावं इतकी आच खाली नसतेच. काचेच्या झाकणावर बोटाने टकटक केलं की थेंब ओघळतात आणि आतलं दिसतं. तेवढ्यावर भागवा. पहिल्यांदा उघडायची वेळ म्हणजे दाणा दाबून बघायची वेळ.

भाज्या कशाही चिरून कुठेही टाकणं

गाजर आणि बटाटा या भांड्यात मसुराइतकाच, कधी त्याहूनही जास्त वेळ घेतात, हे नवशिक्यांना खरं वाटत नाही. भाजीतलं पेक्टिन ८५ अंशांच्या आसपास पोचल्याशिवाय धड सुटत नाही आणि भांड्याचा वरचा मधला भाग तिथे सगळ्यात उशिरा पोचतो. बहुतेक यंत्रांत तापवणारी तार भिंतींभोवती असते, काहींत तळाशीही. म्हणून कंदमुळं दीड-दोन सेंटीमीटरच्या फोडी करून तळाशी आणि कडेने, त्यांच्यावर मसूर, मग पाणी. भोपळा मोठ्या फोडींत, जरा वर. फ्रोझन मटार शेवटची पंधरा मिनिटं. पालक बटण बंद करायच्या दहा मिनिटं आधी, नाहीतर शेवाळ खायची तयारी ठेवा.

राजमा मिसळणं

"मसूर कमी पडले म्हणून मूठभर राजमा घातला." हे वाक्य ऐकलं की मी चेष्टा थांबवते. कच्च्या राजम्यात फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं लेक्टिन, म्हणजे एक विषारी प्रथिन असतं. चार-पाच कच्चे दाणेही उलट्या-जुलाबांना पुरतात. ८० अंशांच्या आसपास अर्धवट तापवलेला राजमा कच्च्याहूनही जास्त त्रास देऊ शकतो, आणि स्लो कुकर नेमका त्याच पट्ट्यात तासन् तास रेंगाळू शकतो. मसुराच्या बाबतीत ही काळजी नको. राजमा हवाच असेल तर किमान पाच तास भिजवा, ते पाणी फेका, ताज्या पाण्यात अर्धा तास खळखळून उकळा आणि मग कुकरमध्ये घाला. नाहीतर शिजवलेला डब्यातला वापरा. यात शॉर्टकट नाही.

बाकीच्या, भराभर

पाणी. गॅसवरच्या रेसिपीतलं पाणी जसंच्या तसं घेऊ नका, इथे काही आटत नाही. एक कप अख्ख्या मसुराला, अर्धा किलोभर भाज्या धरून, मी तीन कप घेते. तरी पातळ झालाच तर झाकण काढून तासभर बसू नका. दोन पळ्या काढा, घोटा, परत ओता.

अख्ख्या मसुराऐवजी मसूर डाळ. ती विरघळते. सूप हवं असेल तर उत्तम, स्ट्यू हवा असेल तर नको.

भांडं काठोकाठ भरणं. अर्धं ते पाऊण भरावं. अगदी तळाशी चमचाभर असलं तरी करपतं.

क्रीम, दूध, दही सुरुवातीला. फाटतं. शेवटी घाला.

फ्रिजमधलं गार चिनी मातीचं भांडं तापल्या यंत्रात ठेवणं, किंवा तापल्या भांड्यात गार पाणी ओतणं. तडा गेला की भांडं गेलं.

टायमर लावून चिरलेलं सगळं रात्रभर गार यंत्रात ठेवणं. ५ ते ६० अंशांमध्ये जिवाणूंची चंगळ असते. रात्री चिरून फ्रिजमध्ये ठेवा, सकाळी यंत्रात घाला. तुम्ही बाहेर असताना वीज गेली होती असं कळलं, तर तो स्ट्यू टाकून द्या. किती वेळ गेली होती याचा अंदाज बांधत बसू नका.

उरलेला स्ट्यू त्याच जाड भांड्यात फ्रिजमध्ये ढकलणं. ते भांडं उष्णता धरून ठेवतं, मधला भाग निवायला फार वेळ घेतो. उथळ डब्यांत काढा आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी तो घट्ट झालेला असेल, कारण मसूर रात्रभर रस्सा पीत राहतात. गरम करताना स्लो कुकर नको, तो फार सावकाश तापतो. गॅसवर अर्धा कप उकळतं पाणी घालून चांगली उकळी येऊ द्या आणि मीठ पुन्हा चाखून बघा, वाढवलेल्या पाण्याने ते हमखास कमी पडलेलं असतं.