चीट कोड टाकताय? मग निदान या चुका तरी टाळा

शाहूपुरीत माझं मोबाईल आणि कॉम्प्युटर दुरुस्तीचं छोटं दुकान आहे. डिस्प्ले बदलणं, चार्जिंगचा सॉकेट बदलणं हे पोटापाण्याचं काम. पण संध्याकाळी क्लास सुटले की पोरं येतात ती वेगळ्याच कामाला. "काका, चीट चालंना." फोन हातात घ्यावा तर एमुलेटर, म्हणजे जुन्या गेम मशीनची नक्कल करणारं ॲप, उघडलेला, चीटच्या (गेममध्ये फुकटचे पैसे, लाईफ मिळवायच्या) यादीत पस्तीस कोड आणि पस्तीसच्या पस्तीस सुरू. एवढे कशाला विचारलं तर उत्तर ठरलेलं: "असू देत की, लागतील कवातरी." मिसळ टेबलावर यायच्या आधीच जादा कट मागणारी ही जमात.

माझा चीटला विरोध नाही. टीव्हीला जोडायच्या गेमवर कॅसेट फुंकून फुंकून कॉन्ट्रा खेळलेल्या माणसाने तसा विरोध करायचाही नसतो. वर वर, खाली खाली, डावी उजवी, डावी उजवी, बी, ए, स्टार्ट, आणि तीनाच्या जागी तीस लाईफ. सतराचा पाढा अडखळेल, हे अडखळणार नाही. काझुहिसा हाशिमोतो या कोनामी कंपनीच्या प्रोग्रामरने १९८६ च्या ग्रेडियस या गेममध्ये हा क्रम पहिल्यांदा घातला, कारण गेम तपासताना तो त्याला स्वतःलाच जड जात होता. म्हणजे ज्याने केलं त्यालाही चीट लागला. आपण कोण?

पण तो चीट गेमच्या आतला होता, गेमला ठाऊक असलेला. एमुलेटरच्या यादीत टाकता तो कोड बाहेरचा. त्याचा अर्थ एवढाच: मेमरीतल्या अमुक पत्त्यावर तमुक आकडा लिही, आणि सेकंदाला साठ वेळा लिहीत राहा. त्या पत्त्यावर आत्ता तुमचे पैसे आहेत का दुसऱ्याच कशाचा हिशोब, हे कोड बघत नाही. पोस्टमनने घरात कोण राहतं ते न बघता रोज त्याच फटीतून पाकीट आत टाकावं, तसं.

सगळे कोड एकदम सुरू करणं

हा माझा खास रागाचा विषय. गडहिंग्लजचा माझा भाचा, आठवीतला, गेल्या दिवाळीच्या सुट्टीत आला तो फोन पुढे धरूनच. "मामा, माझ्या बॉक्समधली सगळी अंडी झाल्यात."

पोकेमॉन एमराल्ड, म्हणजे पोकेमॉन नावाचे प्राणी पकडून जमवायचा गेम. दोन महिने खेळून साठ-सत्तर पोकेमॉन जमवलेले. बॉक्स, म्हणजे पकडलेले पोकेमॉन ठेवायची जागा, उघडला तर ओळीने अंडी, आणि प्रत्येकाचं नाव 'बॅड एग'. ती उबत नाहीत आणि सोडून देतो म्हटलं तर गेम सोडूही देत नाही. चीटची यादी बघितली: पैसे, मास्टर बॉल आणि रेअर कँडी या गेममधल्या वस्तू, भिंतीतून चालणं, हवा तो पोकेमॉन समोर आणणं, सगळं चालू. त्यातले दोन कोड तर रुबी या दुसऱ्या पोकेमॉन गेमचे होते, एमराल्डचे नव्हतेच.

झालं काय ते सांगतो, कारण हे कळलं की निम्म्या चुका आपोआप थांबतात. एमराल्ड, फायररेड आणि लीफग्रीन हे गेम तुमची बॅग, पैसे आणि बॉक्स मेमरीत एका जागी ठेवत नाहीत. लढाई सुरू होताना वगैरे तो सगळा गठ्ठा थोडा इकडे-तिकडे सरकवतात. रुबी-सफायरमध्ये ही भानगड नव्हती. आता कोडला पत्ता दिलाय ठरलेला आणि बिऱ्हाड हललंय. मग 'बॅगेत रेअर कँडी ठेव' म्हणून लिहिलेला आकडा जाऊन पडतो बॉक्समधल्या एखाद्या पोकेमॉनच्या अंगावर. प्रत्येक पोकेमॉनसोबत गेम एक चेकसम, म्हणजे बेरजेचा ताळा, ठेवतो. आतला एक आकडा जरी बदलला तरी ताळा जुळत नाही, आणि ताळा जुळला नाही की गेम त्याला बॅड एग ठरवतो. पाच कोड सुरू ठेवून दोन महिने खेळलं की असे किती ताळे मोडत असतील, मोजा.

भाच्याला विचारलं, जुना सेव्ह आहे का? होता. पण एकच स्लॉट, आणि त्याच सकाळी त्याने त्यावरच पुन्हा सेव्ह केलेलं. पोरगं रडलं नाही, पण त्या दिवशी फराळातली करंजीसुद्धा तशीच ठेवली. काहीच परत आलं नाही, हे स्पष्ट सांगतो. बॅड एग सुधारून देतो म्हणणाऱ्या कोडच्या मागे लागू नका, तो आणखी एक पत्ता बिघडवतो.

माझी सवय अशी. एक कोड सुरू करायचा. काम झालं की बंद करायचा. खेळात जाऊन बघायचं: बॅग उघडून, बॉक्स उघडून, एका दारातून आत-बाहेर करून. मग गेमच्या मेनूतून सेव्ह. मग एमुलेटर पूर्ण बंद करून पुन्हा उघडून बघायचं. पोरं म्हणतात, "लई वेळ जातोय." जाऊ दे की. दोन महिने घालवण्यापेक्षा दोन मिनिटं बरी. आणि भिंतीतून चालायचा कोड सुरू असताना सेव्ह करायचा नाही म्हणजे नाही. नकाशाबाहेर सेव्ह केलंत तर उठाल तेव्हाही नकाशाबाहेरच असाल.

सेव्ह स्टेट म्हणजेच सेव्ह असं समजणं

सेव्ह स्टेट हा त्या क्षणीच्या अख्ख्या मेमरीचा फोटो. बिघडलेली मेमरी असेल तर बिघाडासकट फोटो निघतो. शिवाय एमुलेटर अपडेट झाला की जुना फोटो कधी कधी उघडतच नाही. गेमच्या आतून केलेला सेव्ह वेगळ्या फाईलीत जातो, शेवटी एसएव्ही किंवा एसआरएम असलेल्या. चीटला हात लावण्याआधी मी ती फाईल कॉपी करून नावापुढे तारीख टाकतो. माझ्या फोनमध्ये एमराल्डच्या अशा एकवीस फायली आहेत. बायको हसते. हसू दे.

कोड एकीकडचा, गेम दुसरीकडचा

'चालंना' म्हणून येणाऱ्यांपैकी बहुतेकांचं दुखणं हेच. अमेरिकेच्या आवृत्तीचा कोड युरोपच्या आवृत्तीवर चालत नाही, कारण पत्ते वेगळे. फायररेडच्या तर १.० आणि १.१ अशा दोन आवृत्त्या आहेत. पीपीएसएसपीपी या एमुलेटरवर पीएसपी या हातातल्या गेम मशीनचे गेम खेळणाऱ्यांनी कोडच्या वरची '_एस'ने सुरू होणारी ओळ वाचावी. तिथे यूएलयूएस असेल तर कोड अमेरिकेचा, यूएलईएस असेल तर युरोपचा. हा क्रमांक तुमच्या गेमच्या क्रमांकाशी अंकाला अंक जुळला पाहिजे. आणि सेटिंगमध्ये चीट सुरू करायची खूण केली आहे का, ते आधी बघा. हसू नका, महिन्यातून दोन फोन मी फक्त तेवढी खूण करून परत दिलेत.

जीबीएवर, म्हणजे एमराल्ड ज्याचा आहे त्या गेम बॉय ॲडव्हान्सवर, कोडचा प्रकार, म्हणजे तो कोणत्या चीट यंत्रासाठी लिहिलाय ते, निवडायचं असतं. आठ अंक अधिक चार अंक असेल तर कोडब्रेकर. आठ अधिक आठ असेल तर गेमशार्क किंवा ॲक्शन रिप्ले, आणि त्या दोघांचं कुलूप, म्हणजे कोड लपवायची पद्धत, वेगळी. एक चालला नाही तर दुसरा निवडून बघा. मास्टर कोड लिहिलेला असेल तर तो सगळ्यात वर.

ओ की शून्य?

याला सोपी खूण आहे. गेमशार्कसारख्या कोडमध्ये शून्य ते नऊ आणि ए ते एफ एवढंच येतं, म्हणून 'ओ' दिसला तर तो शून्य आहे. उलट एनईएस या निन्टेन्डोच्या जुन्या मशीनसाठीच्या गेम जिनी या चीट यंत्राच्या कोडमध्ये अंक नसतातच. सोळा इंग्रजी अक्षरं असतात आणि त्यात ओ आहे. मारिओचा न संपणाऱ्या लाईफचा कोड एसएक्सआयओपीओ, त्यात दोन्ही ओ हे ओच. शून्य टाकून 'कोड खोटा हाय' म्हणणारे मला आजवर बरेच भेटले.

मोठ्यात मोठा आकडा टाकणं

ही चूक माझी स्वतःची आहे. पहिल्या सुपर मारिओमध्ये लाईफ कुठे ठेवल्यात ते मी चीट सर्चने, म्हणजे मेमरीत ठरावीक आकडा कुठे आहे ते शोधायच्या सोयीने, शोधत होतो. पडद्यावर तीन दिसतात म्हणून ३ शोधत बसलो आणि काही सापडेना, कारण मेमरीत एक कमी असतो, २. मग २ शोधला, मुद्दाम खड्ड्यात उडी मारली, १ शोधला. एनईएसची मेमरीच मुळात २,०४८ बाईटची, त्यामुळे दोन-तीन फेऱ्यांत पत्ता हाती: ०७५ए. आता हात आवरायचा का? मी टाकला एफएफ, म्हणजे २५५. पहिल्या गूम्बाला, म्हणजे मारिओच्या शत्रूला, धडकलो आणि सरळ गेम ओव्हर.

कारण असं की मेल्यावर गेम एक लाईफ वजा करतो आणि आकडा शून्याच्या खाली गेला का बघतो. आणि एका बाईटच्या त्या हिशोबात १२७ च्या वरचा प्रत्येक आकडा उणे धरला जातो. मी स्वतःला दोनशे पंचावन्न लाईफ दिल्या असं मला वाटलं. गेमच्या खात्यात उणे एक जमा झाली. तेव्हापासून मी ०८ टाकतो, पडद्यावर ९ दिसतात. पैसे, लाईफ, गोळ्या, सगळीकडे हाच नियम: गरजेपुरतं.

किरकोळ, पण रोजचं

जीटीए सॅन अँड्रियास या गेममध्ये रस्त्यावरच्या लोकांना भडकवणारे चीट मारून सेव्ह करू नका. ते परत निघत नाहीत, आणि पुढे मॅड डॉगच्या मिशनमध्ये तो गडी तुम्ही खाली गाडी लावायच्या आत गच्चीवरून उडी टाकतो. जुना सेव्ह हाच उपाय.

रेट्रोअचीव्हमेंट्स, म्हणजे जुन्या गेममध्ये बक्षिसं मिळवायच्या सोयीचा, चीटशिवाय खेळायचा हार्डकोर मोड सुरू असेल तर चीट बंदच राहतात. एमुलेटर बिघडलेला नाही.

टच स्क्रीनवर कॉन्ट्राचा कोड घाईने दाबला तर मधलं एखादं बटण खातो. सावकाश दाबा, किंवा दोनशे-तीनशेचा वायरवाला कंट्रोलर घ्या.

रॉम, म्हणजे गेमची फाईल, कुठून घ्यायचा हे मला विचारू नका.

आणि एक मुस्तफाचं. व्हिडिओ गेम पार्लरमधला कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स म्हटलं तर आपल्याकडे कुणी ओळखणार नाही, पण मुस्तफा म्हटलं की पन्नाशीतला माणूसही मान वर करतो. मागच्या महिन्यात असेच एक गृहस्थ लॅपटॉप घेऊन आले. मेम, म्हणजे पार्लरच्या गेमचा एमुलेटर, टाकून झालेलं, गेम सुरू होत होता. आता त्यांना लाईफचा चीट पाहिजे होता. तीन दिवस चीटची फाईल शोधत होते, म्हणे. मी म्हटलं, दादा, हे पार्लरचं मशीन आहे, याला चीट कशाला? आणि की-बोर्डवरचा ५ दाबला. कॉईन पडल्याचा आवाज आला. त्यांनी माझा हात बाजूला सारला, स्वतः पाच-सहा वेळा ५ दाबला आणि माझ्याकडे बघून म्हणाले, "आयला, आणि आम्ही एकेका रुपयासाठी घरचा मार खाल्ला व्हय?"