अल्पायुषी टॅग टीमचा इतिहास कसा लिहावा

नागपूरच्या उन्हाळी सुट्टीत कूलरसमोर बसून कुस्तीपटूंचे पत्ते खेळलेल्या ज्या कोणाला टॅग टीमचा, म्हणजे व्यावसायिक कुस्तीत जोडीने लढणाऱ्यांचा, इतिहास लिहावासा वाटतो, त्याने आधी ते पत्ते बाजूला ठेवावेत. त्यांवरील उंची-वजनाचे आकडे म्हणजे पुरावा नव्हे.

प्रथम तारखा पक्क्या कराव्यात. हल्क होगन आणि रँडी सॅव्हेज यांची ‘मेगा पॉवर्स’ ही जोडी १९८७ मध्ये जुळली, २९ ऑगस्ट १९८८ रोजी न्यूयॉर्कमध्ये टेड डिबियासी व आंद्रे द जायंट यांना हरवून शिखरावर पोहोचली आणि ३ फेब्रुवारी १९८९ रोजी फुटली.

अधिक शब्द फुटीवर खर्चावेत. त्या दिवशीच्या लढतीत रिंगबाहेर फेकला गेलेला सॅव्हेज जोडीची मॅनेजर मिस एलिझाबेथ हिच्यावर आदळला, तिला उचलून होगन रिंगपासून दूर, पडद्यामागे गेला आणि तो परतताच, एकट्याने मार खाल्लेल्या सॅव्हेजने त्याला थप्पड मारून रिंग सोडली.

या खेळातील निकाल आधीच ठरलेले असल्याने पडद्यावरचे वैर आणि आयोजकांचा हेतू वेगवेगळे मांडावेत. येथे सारी आखणी २ एप्रिल १९८९ च्या ‘रेसलमेनिया ५’ या मोठ्या कुस्ती कार्यक्रमासाठी होती, जिथे होगनने सॅव्हेजकडून विजेतेपद जिंकले. या जोडीला टॅग टीमचे विजेतेपद मात्र कधीच मिळाले नाही, हेही नोंदवावे. चाहते ते हमखास विसरतात.