डोमेनचे डीएनएस रेकॉर्ड: साइट चालू, मेल बंद पाडणाऱ्या या चुका टाळा

होस्टिंग बदललं, नवी साइट झकास उघडते, पण सकाळपासून एकही मेल आलेला नाही. छोट्या व्यावसायिकांकडून ही तक्रार वारंवार ऐकू येते आणि कारण बहुतेक वेळा एकच असतं. नव्या होस्टिंगवाल्याने ‘नेमसर्व्हर आमचे टाका’ म्हणून सांगितलं आणि कोणताही विचार न करता ते टाकले गेले.

नेमसर्व्हर बदलणं म्हणजे डोमेनची अख्खी डीएनएस नोंदवही (कोणत्या कामासाठी कुठल्या सर्व्हरकडे जायचं, याची यादी) बदलणं. साइटचा आयपी सांगणारा ए रेकॉर्ड नव्या वहीत आपोआप तयार होतो. पण मेल कुठे पोचवायचा हे सांगणारे एमएक्स रेकॉर्ड आणि मेलसेवेने दिलेले टीएक्सटी रेकॉर्ड (मजकुराच्या नोंदी) जुन्या वहीतच राहतात. एमएक्स नसला तर पाठवणारा सर्व्हर थेट ए रेकॉर्डच्या पत्त्यावर जातो, म्हणजे तुमच्या वेबसर्व्हरवर. तिथे तुमची मेलबॉक्स नसतेच. ग्राहकाची ऑर्डर अशी परत जाते आणि तुम्हाला पत्ताही लागत नाही.

फक्त साइट हलवायची असेल तर नेमसर्व्हरला हात लावू नका. जुन्या पॅनेलमध्येच ए रेकॉर्डचा आयपी बदला, डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यूची नोंदही तपासा, काम झालं. नेमसर्व्हर बदलणं भागच असेल, तर आधी जुन्या पॅनेलमधली प्रत्येक नोंद नव्या ठिकाणी जशीच्या तशी उतरवा. जुना झोन, म्हणजे जुनी नोंदवही, लगेच पुसू नका. डॉट कॉमच्या नेमसर्व्हर नोंदींचा टीटीएल (उत्तर किती वेळ साठवून ठेवायचं ती मुदत) १,७२,८०० सेकंद, म्हणजे ४८ तास आहे. तोवर काही जण जुन्याच सर्व्हरला विचारत राहतील.

‘रेकॉर्ड टाकून दोन दिवस झाले, काहीच फरक नाही’ ही दुसरी नेहमीची अडचण. बऱ्याचदा रेकॉर्ड भलत्याच पॅनेलमध्ये टाकलेला असतो. डोमेन एकीकडून घेतलेलं, नेमसर्व्हर दुसरीकडचे, आणि बदल मात्र डोमेन घेतलं त्या पॅनेलमध्ये केलेले. विंडोजवर एनएसलुकअप किंवा मॅक-लिनक्सवर डिग ही कमांड वापरून आधी एनएस रेकॉर्ड (डोमेनचे नेमसर्व्हर सांगणारी नोंद) विचारा. उत्तरात ज्यांचे नेमसर्व्हर दिसतील, त्यांच्याच पॅनेलमधले बदल लागू होतात.

‘प्रोपगेशनला (बदल सगळीकडे पसरायला) वेळ लागतो’ म्हणून गप्प बसू नका. रेकॉर्ड कुठे पसरत वगैरे नाही. रिझॉल्व्हरने, म्हणजे तुमच्या वतीने डीएनएसला विचारणाऱ्या सर्व्हरने, साठवलेलं जुनं उत्तर टीटीएल संपेपर्यंत तसंच राहतं, इतकंच. टीटीएल ८६,४०० सेकंद असेल तर बदलाच्या किमान एक दिवस आधी तो ३०० करा. बदल केल्यावर कमी करून उपयोग नाही. आणखी एक, ‘असा रेकॉर्ड नाही’ हे उत्तरही साठवलं जातं. त्यामुळे नोंद करण्याआधीच दहा वेळा तपासत बसू नका.

पॅनेलमधल्या नावाच्या रकान्यात पूर्ण डोमेन लिहिलं तर अनेक पॅनेल पुढे पुन्हा डोमेन जोडतात आणि नाव दुप्पट होतं. तिथे फक्त डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू किंवा मेल एवढंच हवं. मूळ डोमेनवर सीनेम (एका नावाला दुसऱ्या नावाकडे वळवणारी नोंद) टाकू नका, कारण सीनेम असलेल्या नावावर दुसरी नोंद चालत नाही आणि मूळ डोमेनवर एसओए (झोनची मूलभूत माहिती देणारी नोंद) व एनएस असतातच. एमएक्समध्ये आयपी लिहू नका, सर्व्हरचं नाव लिहा, आणि ते नावही सीनेम नसावं.

एसपीएफमध्ये, म्हणजे तुमच्या डोमेनच्या नावाने कोण मेल पाठवू शकतो हे सांगणाऱ्या नोंदीत, तर चांगले जाणकारही चुकतात. मेलसेवेने एक ओळ दिली, न्यूजलेटरवाल्याने दुसरी दिली, दोन्ही वेगवेगळ्या टीएक्सटी नोंदी म्हणून टाकल्या. एका डोमेनला एसपीएफ एकच चालतो. दोन दिसले की तपासणी कायमची त्रुटी देते आणि तुमचे मेल स्पॅममध्ये जाऊ लागतात. दोन्हींचे इन्क्लूड (त्या सेवेला परवानगी देणारे भाग) एकाच ओळीत आणा. एकूण डीएनएस चौकश्या १० च्या वर गेल्या तरी तीच त्रुटी येते, म्हणून वापरात नसलेल्या सेवा काढून टाका. फेब्रुवारी २०२४ पासून जीमेल आणि याहू पाठवणाऱ्यांकडे याबाबत जास्त काटेकोरपणे पाहतात, तेव्हा डीकेआयएम (मेलवरची डिजिटल सही) आणि डीमार्कही (तपासणीत नापास मेलचं काय करायचं ते सांगणारी नोंद) लावून घ्या.

डीएनएससेक (डीएनएस उत्तरं खरी आहेत का ते सहीने पडताळणारी सोय) चालू असेल तर नेमसर्व्हर बदलण्याआधी रजिस्ट्रारकडचा, म्हणजे डोमेन जिथून घेतलं तिथला, डीएस रेकॉर्ड (तुमच्या झोनच्या किल्लीची ओळख) जरूर पाहा. जुना डीएस तसाच राहिला आणि नव्या सर्व्हरच्या किल्ल्या त्याच्याशी जुळल्या नाहीत, तर पडताळणी करणारे रिझॉल्व्हर सर्व्हफेल ही त्रुटी देतात. काही लोकांना साइट दिसते, काहींना दिसत नाही, आणि होस्टिंगवाला ‘आमच्याकडे सगळं ठीक आहे’ म्हणतो. आधी डीएस काढा, त्याचा टीटीएल उलटू द्या, मग नेमसर्व्हर बदला आणि सगळं स्थिरावल्यावर नव्या किल्लीचा डीएस टाका.